कार्यभार सोडला (म.नं.)

सोलापुरातला निरोप समारंभ डोळे मिटून सांगता येतो. व्यासपीठावर सिद्धरामेश्वरांची तसबीर, साहेबांच्या डोक्यावर फेटा, खांद्यावर सोलापुरी चादर, आणि जाताना गाडीच्या मागच्या सीटवर शेंगाचटणी नि कडक भाकरीचा खोका. भाषणंही ठरलेली. पहिला वक्ता सांगतो, साहेब वरून कडक, आतून लोणी. दुसरा सांगतो, साहेबांनी कुणाच्या बापाचं ऐकलं नाही. तिसरा जरा तयारीचा असतो, तो साहेबांच्या बदल्या मोजतो. आकडा जेवढा मोठा तेवढ्या टाळ्या जोरात. महसूल खात्यात कारकून म्हणून लागलो आणि अव्वल कारकून म्हणून निवृत्त झालो. तेवढ्या काळात अशा समारंभांच्या खुर्च्या मांडल्या, हार आणले, दोन-तीनदा मानपत्रही लिहिलं. ‘कर्तव्यकठोर’ हा शब्द प्रत्येक मानपत्रात घातला. ज्यांना तो शोभत होता त्यांच्याही, आणि ज्यांना नव्हता त्यांच्याही.

या टाळ्यांबद्दलच माझी तक्रार आहे. मोठ्या अधिकाऱ्याची कारकीर्द मोजायचं आपलं मापच चुकलंय. किती बदल्या झाल्या, किती धाडी टाकल्या, कुठल्या पुढाऱ्याला दारातून परत पाठवलं, हे सगळं आपल्याला पाठ असतं. साहेब गेल्यावर वर्षभरानं त्यांनी सुरू केलेलं काय चालू होतं, हे कुणी विचारत नाही. खरं तर तेवढंच विचारायला हवं. आणि ते विचारता यावं म्हणून एक कागद सक्तीचा करायला हवा. त्या कागदाकडं पुढं येतोच.

कारकीर्द म्हणजे काय, ते आधी पाहू. यूपीएससीतून निवड झालेला मुलगा किंवा मुलगी मसुरीच्या अकादमीतून बाहेर पडते, एखाद्या उपविभागात प्रांत म्हणून बसते. मग कुठल्या तरी जिल्हा परिषदेत सीईओ, मग कलेक्टर किंवा महापालिका आयुक्त, पुढं मंत्रालयात सचिव, आणि सगळे ग्रह नीट असले तर अपर मुख्य सचिव. तीस-पस्तीस वर्षांचा हा प्रवास. त्यातली एका जिल्ह्याच्या वाट्याला दोन येतात, कधी तीन. दुसरी वाट एमपीएससीची. उपजिल्हाधिकारी म्हणून लागायचं, आणि आयुष्याची उमेदीची वर्षं प्रांत, भूसंपादन, पुरवठा, निवडणूक अशी फिरल्यावर बढतीनं आयएएस व्हायचं, तेही नंबर लागला तर. या दुसऱ्या वाटेनं आलेल्याला जिल्हा जास्त कळतो असं माझं मत आहे. पहिल्या वाटेच्या मंडळींना ते पटणार नाही, न पटो.

कारण सोलापूर कळायला वेळ लागतो. अकरा तालुके, आणि एकाचं दुसऱ्याशी जुळत नाही. अक्कलकोटच्या सीमेवरची गावं कानडी बोलतात, शहराच्या पूर्व भागात पद्मशाली विणकरांची तेलुगू चालते. माळशिरसचं बोलणं उसाभोवती, सांगोल्याचं डाळिंबाभोवती, मंगळवेढ्याचं ज्वारीभोवती आणि न आलेल्या पाण्याभोवती. तेलुगू घरातून आलेले एक साहेब विडी वळणाऱ्या बायकांशी त्यांच्या भाषेत बोलायला लागले, तेव्हा हातातलं छापील निवेदन बाजूला राहिलं आणि खरं दुखणं बाहेर पडलं, हे मी समोर उभं राहून पाहिलंय. तो अपवाद. बहुतेकांचे पहिले सहा महिने नकाशा आणि माणसं ओळखण्यात जातात. तेवढ्यात एक आषाढी, एक गड्डा यात्रा, एखादी गारपीट. वर्ष सरतं. साहेबांना फाईल न वाचता विषय कळायला लागतो, आणि नेमकी तेव्हाच मंत्रालयातून कुणकुण लागते.

बदल्यांच्या आकड्यांचं म्हणाल तर हरियाणाचे अशोक खेमका एप्रिल 2025 मध्ये निवृत्त झाले, तेव्हा त्यांच्या नावावर 57 बदल्या होत्या. आपल्याकडं असं नाव तुकाराम मुंढे यांचं. 2005 च्या तुकडीचे मुंढे 2014 च्या अखेरीपासून मे 2016 पर्यंत, म्हणजे दीड वर्षाच्या आसपास, सोलापूरचे कलेक्टर होते. त्यानंतर नवी मुंबई महापालिका, पुण्याची पीएमपीएमएल, नाशिक महापालिका, नागपूर महापालिका. या चारांपैकी एकाही जागी त्यांना वर्ष पूर्ण करता आलं नाही. एकूण बदल्या वीसच्या वर. मुंढे सोलापुरात यायच्या थोडं आधी इथले महापालिका आयुक्त चंद्रकांत गुडेवार यांच्या बाजूनं सोलापूरकर रस्त्यावर उतरले होते, तेही आठवत असेल.

असा आकडा ऐकला की माणसाच्या हिमतीचं कौतुक वाटतं, मलाही वाटतं. पण तो आकडा बदली करणाऱ्याबद्दल सांगतो. ज्याची बदली झाली त्यानं काय उभं केलं, याबद्दल तो एक अक्षर बोलत नाही. असेही अधिकारी मी पाहिलेत, ज्यांचं कुठंच पटलं नाही, आणि न पटण्यामागं तत्त्व नव्हतं, जीभ होती. मानपत्रात दोघंही कर्तव्यकठोरच.

मुंढे यांच्याच कारकिर्दीकडं दुसऱ्या मापानं पाहू. पंढरपूरला आषाढीला लाखो माणसं येतात. पूर्वी राहुट्या आणि तंबू चंद्रभागेच्या वाळवंटात पडायचे, आणि एवढ्या माणसांनी सकाळी जायचं कुठं, याला उत्तर नव्हतं. जे व्हायचं ते नदीकाठीच व्हायचं. वारी सरल्यावर पंढरपूरकर नाकाला रुमाल लावून आठवडा काढायचे. ज्यांनी तो वास घेतलाय त्यांना वेगळं सांगायला नको. उच्च न्यायालयानं त्यावर बोट ठेवलं, वाळवंटातल्या मुक्कामावर निर्बंध आले, आणि मग पैलतीरावर 65 एकर जागा वारकऱ्यांच्या तळासाठी तयार झाली. प्लॉट आखले गेले, पाण्याच्या लाईनी आल्या, शौचालयं आली, दवाखाना आणि पोलीस चौकीची जागा ठरली. मुंढे यांच्या कलेक्टरपदाच्या काळात हे काम मार्गी लागलं. ते 2016 ला गेले. पुढं किती कलेक्टर आले आणि गेले, तरी 65 एकर आहे. दर आषाढीला दिंड्यांना तिथं जागा मिळते. आता वारकरी नुसतं ‘पासष्ट एकर’ म्हणतो, आणि ते कुणी केलं हे त्याला ठाऊक नसतं. अधिकाऱ्याला याहून मोठं मानपत्र काय असेल?

हे टिकलं कशामुळं? मागं न्यायालयाचा आदेश होता, जागा ठरलेली होती, खर्चाला लेखाशीर्ष होतं, आणि दरवर्षी ज्येष्ठ लागायच्या आधी जी नियोजनाची फाईल उघडते तिच्यात त्या जागेचा नकाशा पक्का जोडला गेला. पुढच्या साहेबाला ते मोडायचं असतं तर मोडण्याचं कारण लिहावं लागलं असतं. सरकारी कामात असं कारण लिहायची वेळ आली की माणूस दोनदा विचार करतो.

याच्या उलट, सिद्धेश्वरांच्या गड्डा यात्रेत होम मैदानावर आपत्कालीन रस्ता मोकळा ठेवण्याचा, धुळीवर मॅटिंग टाकण्याचा आग्रह याच काळात झाला, आणि त्यावरून बरंच रण माजलं. देवस्थानची बाजू होती, प्रशासनाची बाजू होती, शहर दोन्हीकडं वाटलं गेलं. रस्ता हवा यात मला तरी शंका नाही. हजारो माणसं, पाळणे, तळणाच्या कढया, गॅसच्या टाक्या, आणि बंब आत यायला वाट नसेल तर काय होईल हे सांगायला तज्ज्ञ लागत नाही. पण जी गोष्ट एका साहेबाची म्हणून ओळखली जाते, तिला दर जानेवारीत नव्यानं मांडवली करावी लागते. गावानं ती आपली म्हटली, तरच ती नियम होते.

जलयुक्त शिवारचंही तसंच. त्या वर्षांत जिल्ह्यात कामं दणक्यात झाली, पहिल्या पावसात नाले भरले, फोटो आले, आम्हीही खूश होतो. पुढं 2020 मध्ये महालेखापरीक्षकांचा अहवाल आला. राज्यभरात या योजनेवर 9,600 कोटींच्या वर खर्च झाला, पण भूजल वाढवण्यात तिचा म्हणावा तसा परिणाम दिसत नाही, असं त्यात होतं. कुणी म्हणेल, अहवालात खोट आहे. असेलही. माझा मुद्दा वेगळा आहे. बंधाऱ्यातला गाळ चौथ्या वर्षी कोण काढणार, हे पहिल्या वर्षीच्या उद्घाटनात कुणी सांगत नाही. उद्घाटन साहेबांच्या कारकिर्दीत मोजलं जातं, गाळ पुढच्या साहेबांच्या.

दुसरं उदाहरण प्रवीण गेडाम यांचं. सोलापूरनं त्यांना कलेक्टर म्हणून पाहिलंय, पण मला सांगायची गोष्ट त्याआधीची, जळगावची आहे. तिथं महापालिकेचे आयुक्त असताना 2006 मध्ये त्यांनी घरकुल योजनेतल्या घोटाळ्याची फिर्याद दिली. आयुक्तपद गेलं. पुढं उस्मानाबाद झालं, सोलापूर झालं, नाशिक झालं. फिर्याद तिथंच होती. ऑगस्ट 2019 मध्ये, तेरा वर्षांनी, धुळ्याच्या विशेष न्यायालयानं त्या खटल्यात 48 जणांना दोषी ठरवलं, त्यात माजी मंत्री होते. या तेरा वर्षांत गेडाम यांची जळगावातली खुर्ची कितीजणांनी उबवली असेल! पण कागद असा लिहिला होता की तो लिहिणाऱ्यावाचून उभा राहिला. धाडसाला महत्त्व आहेच, नाही कसं? पण नुसत्या धाडसाची पेपरात दोन दिवस बातमी होते. तेरा वर्षं टिकतो तो नीट लिहिलेला कागद, तारखांसकट, जोडपत्रांसकट, पानांना क्रमांक घातलेला. (पानांना क्रमांक घालणं हे आमचं कारकुनांचं काम, म्हणून जरा अभिमानानं सांगतोय.)

आता थोडं आमच्याविषयी, कारण सगळं खापर मंत्रालयावर फोडणं सोयीचं असलं तरी खरं नाही. कचेरीत एक वाक्य आहे, नवा कारकून लागला की पहिल्या आठवड्यात त्याला ऐकवतात: ‘साहेब एसटीतले प्रवासी, आपण डेपो.’ ते हसून सांगितलं जातं, पण नोकरीभर त्याच वाक्यावर काम चालतं. एका साहेबांनी ठरवलं, अमुक प्रकारच्या अर्जदाराला चकरा मारायला लागता कामा नयेत, टोकन द्यायचं, तारीख द्यायची, त्या तारखेला दाखला हातात. चांगली गोष्ट होती. पण ज्या टेबलाला ती अडचणीची होती त्या टेबलानं काय केलं? विरोध केला नाही. ‘होय साहेब’ म्हणाले. पहिले दोन महिने टोकन दिलं. मग टोकनचं रजिस्टर संपलं, नवीन छापायला टाकलं. छपाईच्या दरपत्रकाची फाईल लेखा शाखेत गेली, तिथून शेरा आला, ‘चर्चा करा’. ज्यांनी चर्चा करायची ते निवडणुकीच्या कामाला. तेवढ्यात साहेबांची बदली झाली. नवे साहेब आल्यावर टोकनचा विषय कुणी काढलाच नाही, आणि मीही काढला नाही. माझं टेबल शेजारी होतं. काढला असता तर काय बिघडलं असतं? काही नाही. पण कुणी मागितलं नाही, म्हणून दिलं नाही. अर्जदार पुन्हा व्हरांड्यात उभे राहायला लागले, आणि महिन्याभरात असं वाटायला लागलं की ते कायमच तिथं उभे होते.

साहेब हरले ते पुढाऱ्यांकडून नाही, दरपत्रकाकडून. लवकर होणारी बदली आम्हाला सोयीची असते, हे कचेरीत कुणी मोठ्यानं बोलत नाही. दर दीड वर्षानं पाटी कोरी होत असेल तर खालच्या टेबलाला फक्त थांबायचं असतं.

पुढाऱ्यांवरही सगळं ढकलता येत नाही, याचा पुरावा आपल्याच महापालिकेत आहे. मार्च 2022 मध्ये नगरसेवकांची मुदत संपली आणि जानेवारी 2026 च्या निवडणुकीपर्यंत आयुक्त हेच प्रशासक होते. जवळजवळ चार वर्षं सभागृह नाही, स्थायी समिती नाही, टक्केवारीची कुजबुज करायला कुणी समोर नाही. ‘पुढारी काम करू देत नाहीत’ ही तक्रार त्या काळात करायची सोय नव्हती. तरी या शहराच्या नळाला पाणी रोज आलं का? उजनी सुमारे 110 किलोमीटरवर. धरण भरून वाहतं, आणि सोलापूरकर चार-पाच दिवसांआड पाणी भरतो, ही गोष्ट आता आपल्याला विचित्रही वाटत नाही. 2016 च्या जानेवारीत स्मार्ट सिटीच्या पहिल्या वीस शहरांत आपण नवव्या क्रमांकावर आलो, पेढे वाटले. उजनीहून येणाऱ्या समांतर जलवाहिनीच्या फाईलनं किती आयुक्त पाहिले, ते मोजायला बसलं तर हाताची बोटं पुरणार नाहीत. प्रत्येकानं काहीतरी केलं असणार, मी कुणालाही निकम्मा म्हणत नाही. पण कुणी कुठवर आणली आणि कुणाच्या काळात ती कशामुळं थांबली, हे आज नागरिकाला एका जागी वाचायला मिळत नाही. म्हणून कुणीच जबाबदार नाही, आणि सगळेच थोडेथोडे चांगले.

होटगी रोडच्या चिमणीचं पाहा. सिद्धेश्वर साखर कारखान्याची ती चिमणी विमानसेवेच्या आड येते, यावर वर्षानुवर्षं नोटिसा, सुनावण्या, कोर्ट, मोर्चे चालले. अखेर 15 जून 2023 ला ती पाडली. ती पाडली हे बरं की वाईट, यावर आजही चहाच्या टपरीवर वाद होतो. कारखान्याच्या सभासदाचं दुःख खोटं नाही, आणि शहराला विमान हवं होतं हेही खोटं नाही. मला त्यात दिसतं ते वेगळंच. एवढ्या वर्षांत इतके अधिकारी बदलूनही ती फाईल मेली नाही, कारण तिच्या दोन्ही बाजूंना जागी माणसं होती. दर तारखेला कुणीतरी विचारत होतं, पुढं काय झालं? पाण्याच्या फाईलला असा वाली मिळाला नाही. आपण घागरी विकत घेतल्या, मोठ्या टाक्या बसवल्या, आणि गप्प बसलो.

ज्या गावानं 1930 च्या मे महिन्यात, 9 ते 11 तारखेपर्यंत, इंग्रज साहेबावाचून कारभार चालवून दाखवला, आणि त्यापायी मार्शल लॉ आणि चार फाशी सोसल्या, ते गाव आता ‘चांगला साहेब पाठवा’ म्हणून मुंबईकडं तोंड करून बसतं. चार हुतात्मा चौकातून जाताना कधी कधी हे मनात येतं. असो.

कायदा काय म्हणतो? महाराष्ट्रात बदल्यांचा कायदा 2005 चा आहे, अण्णा हजारे यांच्या आंदोलनाचा त्याला रेटा होता. एका पदावर साधारण तीन वर्षं. त्याआधी हलवायचं तर विशेष कारण, तेही लेखी, आणि वरच्या सक्षम अधिकाऱ्याची मान्यता. त्याच कायद्यात फाईल एका टेबलावर कामाचे सात दिवस, त्याहून जास्त ठेवू नये असंही आहे, हे फार थोड्या लोकांना माहीत असतं. आयएएससाठी सर्वोच्च न्यायालयानं 31 ऑक्टोबर 2013 ला, माजी कॅबिनेट सचिव टी. एस. आर. सुब्रमणियन आणि इतरांच्या याचिकेवर, निश्चित कार्यकाळ आणि नागरी सेवा मंडळ असावं असं सांगितलं. तोंडी आदेशांवर काम करू नका, लेखी घ्या, असंही सांगितलं. त्यानंतर 2014 च्या जानेवारीत केंद्रानं नियम बदलून किमान दोन वर्षांचा कार्यकाळ घातला. एवढं सगळं कागदावर असताना मुंढे यांची गाडी गावोगाव फिरत राहिली, कारण ‘प्रशासकीय कारणास्तव’ हे दोन शब्द कुठल्याही कुलपाला लागतात.

तीन वर्षांचा कार्यकाळ पाळलाच पाहिजे, यात वाद नाही. पण नुसता कार्यकाळ पक्का करून भागेल असं मला वाटत नाही. नालायक माणसालाही मग तीन वर्षं मिळतील. आणि लायक माणसाची तीन वर्षं संपली की चौथ्या वर्षी टोकनचं रजिस्टर पुन्हा संपणार. म्हणून तो कागद.

अधिकारी जातो तेव्हा कार्यभार हस्तांतरणाचं प्रमाणपत्र होतं. ते अर्ध्या पानात मावतं. अमुक आदेशान्वये अमुक पदाचा कार्यभार अमुक दिनांकास सोडला, अमुक यांनी स्वीकारला. पुढं कंसात ‘म.पू.’ किंवा ‘म.नं.’, म्हणजे मध्यान्हपूर्व की मध्यान्हनंतर. पगाराच्या हिशेबाला ते लागतं. खाली दोन सह्या. एका जिल्ह्यातली दोन वर्षं, लाखो माणसांचा संसार, शेकडो सुरू झालेली आणि अर्धवट कामं, आणि त्या सगळ्यातून सरकारनं जपून ठेवलं काय, तर साहेब जेवणाआधी गेले की जेवणानंतर!

माझं म्हणणं असं. कलेक्टर, आयुक्त, सीईओ या तीन पदांना तरी, जाताना एक टिपण लिहिणं सक्तीचं करावं. आलो तेव्हा काय परिस्थिती होती, काय हाती घेतलं, कुठवर आलं, कशामुळं अडलं, पुढच्यानं पहिल्या तीन महिन्यांत काय केलं नाही तर नुकसान होईल. मराठीत, साध्या मराठीत. आणि ते पंधरा दिवसांत कार्यालयाच्या संकेतस्थळावर टाकावं. माहिती अधिकार कायद्याचं चौथं कलम माहिती आपणहून उघड करायला सांगतंच, त्यात हे बसतं. कायदा-सुव्यवस्थेची, कोर्टातल्या प्रकरणांची गोपनीय माहिती बाजूला काढता येईल. नव्या साहेबानं सहा महिन्यांनी त्याच टिपणावर आपला शेरा लिहावा: हे चालू ठेवलं, हे थांबवलं, थांबवलं तर का. एवढंच. याला पैसे लागत नाहीत, सल्लागार लागत नाही, ॲप तर मुळीच लागत नाही.

यावर माझ्या एका जुन्या सहकाऱ्यानं, तोही आता निवृत्त, सिद्धेश्वर तलावाच्या कट्ट्यावर बसून मला वेड्यात काढलं. ‘बे, साहेब लोक त्यात स्वतःची आरतीच लिहिणार की!’ लिहू देत. आरती लिहिली तरी तारखा लिहाव्या लागतील, आणि तारखा पुढच्याला तपासता येतात. आज अधिकाऱ्याच्या कामाचं मोजमाप होतं ते वर्षाच्या कार्यमूल्यांकन अहवालात. ते वरचा अधिकारी करतो, दहापैकी गुण देतो, आणि जिल्ह्यातल्या माणसाला त्यात डोकावता येत नाही. ज्यांच्यासाठी काम केलं त्यांना न दिसणाऱ्या गुणांवर कारकीर्द उभी राहते. मग अधिकाऱ्याची नजर वर लागली, तर त्याला एकट्याला दोष कसा द्यायचा?

दुसरा आक्षेप जास्त खरा आहे. टिपण लिहिलं तरी वाचणार कोण? इथं उत्तर माझ्याकडं पूर्ण नाही. पण आता महापालिकेत पुन्हा नगरसेवक आलेत. आयुक्त बदलले की पहिल्या सभेत एकानं जरी उठून विचारलं, की आधीच्या आयुक्तांनी पाणीपुरवठ्याबद्दल काय लिहून ठेवलंय ते वाचून दाखवा, तर पुढचा प्रत्येक आयुक्त ते परिच्छेद जपून लिहील. पत्रकारांनीही, नव्या साहेबांना ‘आपली प्राथमिकता काय’ हा कंटाळवाणा प्रश्न विचारण्याऐवजी टिपणातला तिसरा मुद्दा विचारावा. आणि जे अधिकारी खरंच काम करतात, त्यांचं यात कल्याणच आहे. त्यांना अवेळी हलवलं तर काय अर्धवट तोडलं, हे त्यांच्याच सहीनिशी लोकांसमोर राहील. बदली करणाऱ्याला आज बदलीची किंमत मोजावी लागत नाही, ती मोजायला लागेल.

हे सगळं नुसतं लिहून थांबू नये, म्हणून मी स्वतः एक प्रयोग केला. एका कार्यालयात, नाव घेत नाही, माहिती अधिकाराचा अर्ज टाकला. दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प, दोन ओळींची मागणी: मागच्या पाच वर्षांत या पदावरून बदलून गेलेल्या अधिकाऱ्यांनी कार्यभार सोपवताना दिलेल्या टिपणांच्या प्रती. तीस दिवस भरायला एक दिवस राहिला असताना पाकीट आलं. आत त्याच त्या अर्ध्या पानांच्या प्रमाणपत्रांच्या झेरॉक्स होत्या. एकीवर म.पू., बाकी सगळ्या म.नं. सोबत पत्र, ‘याव्यतिरिक्त अभिलेख उपलब्ध नाहीत’. मी पहिलं अपील केलं. सुनावणीची तारीख मिळाली, धुतलेला सदरा घालून अकराला जाऊन बसलो. साडेबाराला शिपाई बाहेर आला. ओळखीचा निघाला, मला बघून हसला. म्हणाला, ‘काका, तुम्ही घरी जावा. अपिलाच्या साहेबांची काल ऑर्डर निघाली. नवे साहेब सोमवारी चार्ज घेतेत.’